नागव्वा, तुला वाचून दाखवलेली नोटीस

नागव्वा, तुला गायरानात पुरलं. तुझ्या रानात नाही, तुझ्या बसप्पाच्या शेजारी नाही. तुला हे कुणी सांगितलं नसेल, म्हणून आधी तेच सांगते.

उजाडल्याबरोबर चार गडी कुदळ-फावडं घेऊन तुझ्या रानात गेले. बसप्पाच्या समाधीच्या डाव्या अंगाची जागा तू दगड मांडून राखली होतीस, तिथंच त्यांनी खणायला घेतलं. कमरेएवढं खणून झालं आणि शेजारच्या आमच्या रानातल्या खड्ड्याकडची बाजू भसकन खाली गेली. एका गड्याचा पाय मांडीपर्यंत आत गेला, त्याला दोघांनी बगलेत धरून ओढलं. मग कुणी कुदळ हातात घेईना. तुझ्या भावकीतला म्हातारा म्हणाला, "हितं बसवली तर येत्या पावसात म्हातारी वीटभट्टीवाल्याच्या खड्ड्यात जाऊन बसंल." कुणी हसलं नाही. तुझी लेक महादेवी खड्ड्याच्या कडेला उभी राहून खाली बघत होती. मी बायकांच्या घोळक्यात मागं उभी होते. तो खड्डा माझ्या जमिनीत आहे. सातबाऱ्यावर नाव माझं आहे.

तुमच्यात मेलेल्या माणसाला आडवं करत नाहीत, मांडी घालून बसवतात आणि तसंच मातीत ठेवतात. आमच्यात जाळतात. तू मला त्यावरून चिडवायचीस, "तुमचं काय अक्का, एका काडीत खेळ खलास. आमाला जागा लागती." बसप्पाला तू आपल्या दोघींच्या बांधालगत बसवलंस. तिथून त्याला त्याची विहीर दिसते म्हणालीस. आणि लगेच शेजारची जागा दाखवून ठेवलीस, "जन्मभर उभी राबले. मेल्यावर तरी निवांत बसू दे की त्याच्याजवळ." माणसाचं मागणं याहून लहान काय असणार? तेवढंही झालं नाही.

तू गेल्यापासून बायका येऊन माझ्याजवळ बसतात. म्हणतात, नागव्वा तुझी पाठची बहीणच होती, तुला लई दुःख झालं असेल. दुःखाचं पुढं बघू. मला लाज वाटते आहे, आणि ती कुणाला सांगावी हे कळत नाही. चाळीस वर्षं सगळं तुलाच सांगत आले.

मी चौथी शिकलेली. वस्तीवरच्या बायकांत त्या काळी तेवढी एकच. तू अक्कलकोटच्या बाजूची, लग्न होऊन आलीस तेव्हा निम्मं बोलणं कानडीतलं, आणि शाळा बाहेरूनसुद्धा पाहिलेली नाही. बसप्पा तेव्हा सोलापुरात मिलमध्ये होता. पंधरा दिवसांनी त्याचं कार्ड यायचं आणि तू ते घेऊन बांध ओलांडून माझ्याकडं यायचीस. एकदा त्यानं लिहिलं होतं की खाणावळीची भाकरी चामड्यासारखी लागते, तुझ्या हाताची आठवण येते, आणि नुसत्या हाताची नाही. मी ते मोठ्यानं वाचलं. माझी सासू शेजारी शेंगा फोडत बसलेली. तू पदराचा बोळा तोंडात कोंबून पळालीस. दोन दिवस आली नाहीस. तिसऱ्या दिवशी येऊन म्हणालीस, "तेवढं मनात वाचायचं हुतं की गं."

मी ठसक्यात म्हणाले, "कागदावर हाय ते वाचणार. गाळायचं मला जमत न्हाय."

तुला एकदा शिकवायला बसले होते मी. पाटीवर तुझं नाव काढून दिलं. तू पहिल्या अक्षरापर्यंत आलीस आणि पेन्सिल ठेवलीस. "बेडा," म्हणालीस. नको असलं की तू कानडीत जायचीस. "बेडा अक्का. तू हाईस की वाचायला." मी जास्त नेट धरला नाही. खरं सांगायचं तर मला बरं वाटलं. रेशनकार्ड, वीजबिल, बँकेचं पत्र, काही आलं की तू माझ्या ओट्यावर येऊन बसायचीस आणि वाचून होईपर्यंत माझ्या तोंडाकडं बघायचीस. आमच्या घरात माझ्या तोंडाकडं तसं कधी कुणी बघितलं नाही.

आता मातीचं सांगते. तुला सगळं माहीत आहे असं वाटतं, पण माझ्या घरात काय झालं ते तुला माहीत नाही.

तीन वर्षांमागं माझा लेक दत्ता भट्टीवाल्याला घेऊन घरी आला. आपली सीनाकाठची माती, काळी, चिकट, विटेला चांगली. भट्टीवाला म्हणाला, तुमच्या रानात उंचवटा आहे तो मी काढून नेतो, रान सपाट होईल, पाणी सारखं बसेल. जमीन माझ्या नावावर म्हणून करारनामा माझ्यापुढं ठेवला. मी चष्मा लावून सगळा वाचला. त्यात "गरजेनुसार खोलीपर्यंत" असं होतं. कुणाची गरज ते लिहिलं नव्हतं. मी त्यावर बोट ठेवून दत्ताला विचारलं. तो म्हणाला, "आई, सगळीकडं तसंच लिवत्यात." मी सही केली. लोक आता म्हणतात, म्हातारीला फसवलं. मला कुणी फसवलं नाही. मी वाचून सही केली.

सरकारी परवानगी तीन फुटांची होती, आणि बांधापासून लांब राहायचं होतं. उंचवटा आठ दिवसांत संपला. मग पोकलेन खाली उतरलं आणि बांधाकडं सरकायला लागलं. तू रोज बांधावर उभी राहून बघायचीस. एक दिवस माझ्या दारात आलीस. मी भाकरी थापत होते.

"अक्का, तुझ्या रानात आता नारळ लावला तरी शेंडा वर दिसायचा न्हाय."

"आमचं रान हाय. आमी खालीवर काय बी करू."

"तुझं रान तू खा की. माजा बांध का खातीस?"

"बांधाला कुणी हात लावला न्हाय."

"बांध हवंत उभा हाय व्हय? त्याच्या बुडाला माती लागती."

मग मी म्हणाले, "तुला दुसऱ्याचं बरं झालेलं बघवत न्हाय." असं मी कुणाला म्हणाले? आमची विहीर आटली त्या वेळी दोन उन्हाळे जिनं बांधावरून पाईप टाकून आमची जनावरं जगवली, तिला. तू त्याची आठवण करून दिली नाहीस. तव्यावरची भाकरी करपत होती, ती तू उलथलीस आणि गेलीस.

त्या साली येळवसेला माझ्या रानात कडब्याची कोप, पूजेची खोपटी, उभी करायला सपाट जागा राहिली नव्हती. दरसाल आपली येळ अमावस्या एकत्र, एका वर्षी तुझ्या रानात दगडांचे पाच पांडव पुजून तिथंच जेवायचं, एका वर्षी माझ्या. त्या वर्षी पाळी माझी होती. मी घरीच बसले. तू बांधावर येऊन दहा माणसांदेखत ओरडलीस, "ए अक्का, तुला रान न्हाय म्हणून उपाशी मरतीस व्हय? ये जेवायला!" येळवसेचं बोलावणं मोडता येत नाही. मी आले, खाली मान घालून. तू माझ्या ताटात दोनदा भज्जी वाढलीस, बाजरीचा उंडा फोडून घातलास, आणि म्हणालीस, "खा. अजून तरी माझ्या रानातलं हाय." टोमणा होता की माया, मी रात्रभर विचार केला. दोन्ही होतं.

जेवण झाल्यावर तू मला बसप्पाच्या समाधीजवळ नेलंस. तिथं बोटभर भेग पडली होती. मी म्हणाले, काळ्या मातीला भेगा पडतातच. तू म्हणालीस, "उन्हाळ्यात पडत्यात. आता ज्वारी कमरंला लागलीया, रानात वल हाय. ही भेग उन्हाची न्हवं." आणि हातातल्या तांब्यातलं पाणी त्या भेगेत ओतलंस. सगळं आत गेलं. तू दुसरा तांब्या आणून ओतलास, तोही गेला. भेग भरली नाही. 

आठ दिवसांनी तू तहसीलला अर्ज केलास. गावात सगळे म्हणाले, म्हातारीला कुणीतरी फूस लावली. मला माहीत होतं की तुला फूस लावणारा माणूस अजून जन्माला यायचा आहे. संध्याकाळी तू अर्जाची नक्कल घेऊन माझ्याच ओट्यावर आलीस.

"अक्का, हे वाच."

मी वाचायला लागले आणि थांबले. "अगं, हे माझ्याच लेकाच्या विरोधात हाय."

"मग? त्या लिवणाऱ्यानं नीट लिवलंय का न्हाय, ते बघायला नको व्हय?"

"माझ्याच लेकावरचा अर्ज मलाच वाचायला लावतीस?"

"मग कुणाला लावू? दुसरी कोण हाय मला वाचणारी?"

दत्ता आत बसून ऐकत होता. मी हसले, तूही हसलीस. आणि मी तो अर्ज पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. अर्ज लिहिणाऱ्यानं तुझा गट नंबर चुकवला होता. मी तुला ते सांगितलं. तू दुसऱ्या दिवशी जाऊन दुरुस्त करून आलीस. तो नंबर मी सांगितला नसता तर तुझा अर्ज तिथंच पडला असता. या सगळ्या प्रकरणात मी केलेलं तेवढं एकच काम सरळ आहे. म्हणून सांगून घेते. पुढचं सांगताना ते उपयोगाला येत नाही.

दत्ता त्या दिवशी मला म्हणाला, "आई, तू कुणाची हाईस?" मी म्हणाले, वाचायला काय जातंय. तो महिनाभर माझ्याशी तुटक बोलत राहिला. सूनबाई ताट वाढायची आणि उठून जायची. भट्टीवाला येऊन सांगून गेला की पाहणीत खोली निघाली तर दंड जमीनमालकावर बसेल, सातबाऱ्यावर बोजा चढेल. या वयात ज्या घरात राहायचं तिथं परकी होऊन राहायचं, याची मला भीती वाटली. हे कारण म्हणून सांगत नाही. तू विचारशील, म्हणून सांगते.

मग नोटीस आली. कोतवालानं तुझा अंगठा घेतला, कागद तुझ्या हातात दिला आणि गाडीला किक मारली. तू तशीच माझ्याकडं आलीस. दुपार होती. तुझ्या हाताला शेणाचा वास होता, सारवत होतीस ते टाकून आली होतीस. ओट्यावर बसलीस, माझ्या तोंडाकडं बघायला लागलीस. दत्ता दारात उभा होता. त्याला पाहणीचं आधीच कळलं होतं, सकाळी तो मला म्हणाला होता, "ती येईल वाचून घ्यायला. तेवढं बघ."

नोटिशीत लिहिलं होतं की येत्या बुधवारी सकाळी अकरा वाजता मंडळ अधिकारी आणि तलाठी जागेवर येऊन पाहणी करतील, अर्जदारानं हजर राहावं, न राहिल्यास तिचं काही म्हणणं नाही असं समजलं जाईल.

मी ते सगळं मनात वाचलं. अक्षर छापील होतं, स्वच्छ होतं. मग तुला म्हणाले, "पाहणी लांबलीया. तारीख मागनं कळवत्यात."

तू विचारलंस, "किती लांबली?"

"ते लिवलं न्हाय. महिना तरी लागंल."

"मग मी मंगळवेढ्याला जाऊन येती. महादेवीची ज्वारी काढायला आलीया, माणसं मिळंनात तिला." तू कागदाची घडी घातलीस, कनवटीला लावलीस. उठताना माझ्या खांद्याचा आधार घेतलास, गुडघे दुखत होते तुझे. "बरं झालं तू हाईस," म्हणालीस. "न्हायतर मी खुळ्यागत इथं वाट बघत बसले असते."

नागव्वा, तू फाटकाबाहेर जाईपर्यंत मला हाक मारता आली असती. दुसऱ्या दिवशी तू स्टँडवर एसटीची वाट बघत होतीस, तेव्हाही आली असती. तू तिथं तासभर उभी होतीस. मी तिकडून दळण घेऊन गेले, तुझ्याकडं न बघता. तू मागून हाक मारलीस आणि मी बहिरी झाले. आणखी एक गोष्ट आहे, ती या सगळ्याहून वाईट. खोटं बोलताना मला भीती कमी वाटली होती. मनात होतं, हिला काय कळतंय. चाळीस वर्षं तू विश्वासानं माझ्या तोंडाकडं बघत होतीस, आणि मी त्याचा अर्थ असा काढला होता की तू अडाणी आहेस.

बुधवारी ते आले. आदल्या दिवशी भट्टीवाल्यानं बांधाकडच्या कडेला मुरूम आणि भट्टीची राख लोटून उतार केला होता. साहेबांनी तिथंच टेप लावला. नंतर मला विचारलं, "आजी, हा खड्डा कशाचा?" मी म्हणाले, "शेततळं हाय. आमच्या मालकांच्या वेळचं हाय." माझा नवरा गेला तेव्हा तिथं तूर उभी होती. पंचनामा लिहिला. मी वाचून सही केली. मी वाचल्याशिवाय सही करत नाही.

तू पंधरा दिवसांनी परत आलीस, डोक्यावर महादेवीनं दिलेली ज्वारी घेऊन. त्यातली दोन शेर मला काढून दिलीस. मंगळवेढ्याची ज्वारी, पांढरीशुभ्र. त्या ज्वारीच्या भाकरी मी केल्या आणि खाल्ल्या, हेही सांगते.

निकालाचा कागद उन्हाळ्यात आला. तू तोही घेऊन माझ्याकडंच आलीस. मी खूप वेळ चष्मा शोधला. चष्मा कपाळावर होता. तू म्हणालीस, "डोक्यावर हाय की." मग मला पळवाट राहिली नाही. तो कागद मी खरा वाचला. अर्जदार पाहणीच्या वेळी गैरहजर होती. उत्खनन जुनं असून शेततळ्याच्या स्वरूपाचं आहे. शेजारच्यांच्या जबाबावरून तसं दिसतं. अर्ज निकाली काढण्यात येत आहे.

तू विचारलंस, "पाहणी कवा झाली?"

मी तारीख सांगितली.

तू बोटांवर मोजायला लागलीस. एका हाताची बोटं संपली, मग दुसऱ्या हाताची. मला तुझं मोजणं दिसत होतं. मंगळवेढ्याला गेलीस तो दिवस, ज्वारी काढली ते दिवस, मागं मागं येत तू माझ्या ओट्यावर पोचलीस. मग हात मांडीवर ठेवलेस.

"आणि शेजारच्यांचा जबाब म्हणजे?"

"माझा," मी म्हणाले.

मला वाटलं तू शिव्या देशील. तुला कानडीत शिव्या देता यायच्या, मला त्या निम्म्या पाठ होत्या. तू दिल्या असत्यास तर मी खाल्ल्या असत्या. तू कागद माझ्या हातातून घेतलास, उलटा-सुलटा करून बघितलास, आणि म्हणालीस, "एवढं बारीक लिवत्यात व्हय. तुझ्या डोळ्यांना तरास झाला असंल." आणि गेलीस. त्यानंतर तुझे कागद तू शाळेच्या मास्तरांकडं नेऊ लागलीस. माझ्याशी बोलणं तोडलं नाहीस. पाण्याला गेलीस की हाक मारायचीस, सणाला वाटी धाडायचीस. आणि घडलेलं गावात कुणाला सांगितलं नाहीस, महादेवीलासुद्धा नाही. का, ते मला कळलं नाही. मला माफ केलंस म्हणून नाही. मला वाटतं, तुझी तुलाच लाज वाटली असेल, की आपण हिच्याकडं गेलो. तसं असेल तर तेही माझ्याच खात्यावर आहे.

पावसाळ्यात बांध गेला. एकदम नाही, फूट-फूट करत. बांधावरचं बोरीचं झाड गेलं. तू दर सोमवारी समाधीला बेल वाहायला जायचीस आणि तिथून कडेपर्यंत पावलं मोजायचीस. नऊ होती, मग सात झाली. दिवाळीनंतर चार. मी माझ्या अंगणातून बघायची.

तू अंथरूण धरलंस तेव्हा मी तीन वेळा आले. पहिल्यांदा बायका होत्या. दुसऱ्यांदा तू झोपली होतीस. तिसऱ्यांदा आपण दोघीच होतो आणि तू जागी होतीस, माझ्याकडंच बघत होतीस. मी तोंड उघडलं आणि विचारलं, "चहा घेतलास का?" तू म्हणालीस, "घेतला." मग तू भिंतीकडं तोंड केलंस. आपलं शेवटचं बोलणं ते.

गायरानात तुला बसवून सगळे परत फिरले तेव्हा महादेवी माझ्या बरोबर चालत होती. रडून रडून तिचा आवाज गेला होता. म्हणाली, "काकू, आई असं कसं करंल? स्वतः अर्ज दिला, आणि पाहणीच्या दिवशी माझ्याकडं येऊन बसली. एवढी विसरभोळी न्हवती ती." ती सकाळपासून स्वतःलाच बोल लावत होती, की मी ज्वारीला बोलावलं नसतं तर आईला तिची जागा मिळाली असती.

तिथं रस्त्यावरच मी तिला सांगितलं. दोन वाक्यांत. बसायला जागा बघितली नाही, पाणी मागितलं नाही. ती चालायची थांबली. मला वाटलं मारेल. तिनं फक्त विचारलं, "लिहून देशील?"

प्रांताकडं अपील करायला अजून वाव आहे म्हणतात, उशीर का झाला ते पटवावं लागेल. वारस म्हणून महादेवी करणार आहे. तुझा अंगठा नोटिशीवर आहे, म्हणून तुला तारीख माहीत होती असं धरलं गेलं. ती माहीत नव्हती, हे सांगणारी मी एकटीच जिवंत आहे. खड्डा भरून बांध परत घालून मिळाला तर निदान बसप्पा तरी राहील जागेवर. तुझं आता काही होत नाही.

दत्ताला मी जेवताना सांगितलं. तो म्हणाला, "पोटच्या पोराला कोर्टात उभा करतीस?" मी म्हणाले, "उभी मी राहणार हाय. तू बस." सूनबाईनं माझं ताट उचललं. ते उचलायचंच होतं, जेवण झालं होतं माझं. पण तिनं ज्या तऱ्हेनं उचललं ते बघून मला वाटलं, ज्याला भिऊन मी तुला बुडवलं ते एवढंच होतं.

काल महादेवीबरोबर सोलापूरला गेले. वकीलबाईनं प्रतिज्ञापत्र तयार ठेवलं होतं. म्हणाली, आजी वाचून दाखवते. मी म्हणाले, मला वाचता येतं. सगळं बरोबर होतं, शेततळ्याचंही होतं. एका ठिकाणी लिहिलं होतं की मी नजरचुकीने नोटिशीतील तारीख चुकीची सांगितली.

"हे काय?" मी बोट ठेवलं.

"आजी, मुद्दाम तसं लिहिलंय. तुमचं वय आहे, कुणी काही म्हणणार नाही. खोटं सांगितलं असं लिहिलं तर उद्या तुमच्यावरच येईल."

महादेवी म्हणाली, "राहू द्या काकू. आमचं काम झाल्याशी मतलब."

"माझी नजर चुकली न्हवती. खोडा ते."

"मग काय लिहू?"

"जाणूनबुजून."

वकीलबाईनं ते टाइप केलं, नवा कागद काढला. मी पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचला आणि सही केली. ती म्हणाली, "आजी, फार धाडसाचं काम केलंत."

मी म्हणाले, "बाई, धाडस ह्याला म्हणत न्हाईत. ती बाई जिवंत हुती तवा करायचं हुतं ते."

परत येताना एसटी निम्मी रिकामी होती. मी खिडकीजवळ बसले आणि शेजारची जागा पिशवी उचलून मोकळी केली. महादेवी पुढं गेली आणि ड्रायव्हरमागच्या बाकावर बसली. गाव येईपर्यंत तिनं मागं वळून बघितलं नाही. पोरीनं बरोबर केलं, नागव्वा.